आठवणीस

आमच्या वॉर्डात डॉक्टरांच्या ड्यूट्या लावणाऱ्या माणसाला काका 'वेठीवरचा' म्हणत. तोंडावर नव्हे. तो बिचारा सडपातळ, सौम्य, रोज तासभर गाडी चालवत येणारा मनुष्य होता, आणि त्याला मराठीचा गंधही नव्हता. पण महिन्याचा रोटा ईमेलवर आला आणि त्यात स्वतःचे सलग सात दिवस बघून मी कपाळाला हात लावला, की डेस्कमागून आवाज यायचा, "शलमोन राजाकडे होता एक असा. लोकांना वेठीला धरायचं, एवढंच त्याचं खातं. शलमोनाच्या मुलाने त्याला भडकलेल्या लोकांपुढे पाठवला, तर लोकांनी दगडांनी ठेचला त्याला. राजा रथात बसून पळाला, हा सापडला. म्हणून म्हणतो, ह्याला जरा जपून राहायला सांगा."

काका आमचे वॉर्ड क्लार्क होते. वॉर्डाच्या तोंडाशी जे डेस्क असतं, त्यामागे बसून फोन घ्यायचे, तपासण्यांचे फॉर्म पुढे पाठवायचे, कागद जागच्या जागी लावायचे आणि नातेवाइकांना बेड दाखवायचा. इंग्लंडमधल्या लेस्टरच्या त्या हॉस्पिटलात मी पुण्याहून ज्युनिअर डॉक्टर म्हणून आले तेव्हा ते साठीला टेकले होते. ते गेले त्याला आता दोन हिवाळे झाले. मधल्या काळात मला पुष्कळ मोठी माणसं भेटली, नावापुढे अक्षरांच्या माळा असलेली. त्यातल्या एकाचीही मला काकांएवढी धास्ती वाटली नाही आणि एकावरही माझा एवढा जीव जडला नाही.

ते बेने इस्रायल, म्हणजे आपल्या कोकणातले मराठी बोलणारे ज्यू. मूळ गाव अलिबागजवळचं. "आम्ही शनवार तेली," असं ते स्वतःच सांगत. पूर्वज तेल गाळायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून गावाने पाडलेलं ते नाव. लेस्टरमध्ये घाणा नव्हता पण शनिवार होता. शनिवारी काका कामाला येत नसत, आणि त्याच्या बदल्यात रविवार, नाताळ, ईस्टर, जे कोणाला नको असेल ते सगळं घेत. त्यांच्या नव्या वर्षाला, सप्टेंबर-ऑक्टोबरात कधीतरी, नारळाच्या दुधातला हलवा डबाभर घेऊन येत आणि वॉर्डातल्या प्रत्येकाला एक वडी मिळाली की नाही ते यादीवर खूण करून बघत. कोकणातला माणूस असून कोळंबीला शिवत नाही, हे निखिलला शेवटपर्यंत पटलं नाही. निखिल नागपूरचा, माझ्याच बरोबरीचा डॉक्टर, माझ्याआधी वर्षभर तिथे आलेला. "काका, हे म्हणजे टू मच आहे," तो म्हणायचा. "समुद्राकाठी राहून प्रॉन्स नाही?" काका म्हणायचे, "संत्री तरी तू कुठे सालासकट खातोस?" ह्या उत्तराचा अर्थ आम्हाला दोघांनाही कधी लागला नाही.

त्यांना वेड एकच होतं. जुन्या यहुदी राजांच्या दरबारातले अधिकारी. राजे नव्हेत. राजांविषयी त्यांना फारसं कौतुक नव्हतं. "राजाला काय, जन्माला यायचं असतं," ते म्हणत. "त्याची कामं कोण निस्तरत होतं ते बघा." दावीद राजाचं प्रेमप्रकरण नाही, शलमोनाच्या हजार बायका नाहीत, त्या धर्मग्रंथात मध्येच चार-दोन ओळींची एखादी रूक्ष यादी येते, की अमका सेनेवर होता, तमका चिटणीस होता. सगळं जग ज्या ओळी न वाचता पान उलटतं, तिथे काकांचा मुक्काम होता. त्यांच्या खणात एक निळ्या पुठ्ठ्याची वही असे. त्यात प्रत्येक हुद्द्याचा मूळ हिब्रू शब्द, त्या माणसाचं काम, आणि आपल्या मराठी दरबारातला त्याला शोभणारा शब्द, असं बारीक अक्षरात लिहिलेलं होतं. गेली तीस वर्षं ते हेच करत होते. कशासाठी, असं मी एकदा विचारलं. "मराठीत हे लोक नीट आलेले नाहीत, म्हणून," ते म्हणाले, जणू नळ गळतोय म्हणून.

सगळ्यात मोठा अधिकारी म्हणजे राजवाड्याचा कारभारी. त्याला मुळात नुसतं 'घरावरचा' म्हणतात, म्हणून आमच्या वॉर्ड मॅनेजर सिस्टरला काकांच्या भाषेत 'घरावरची' हे नाव होतं. कन्सल्टंट सेनापती. आम्ही ज्युनिअर डॉक्टर दिवसभर लिहीत बसतो म्हणून आम्ही चिटणीस. एक जमैकन हेल्थकेअर असिस्टंट होती; घाबरलेल्या पेशंटचा हात धरून ती तासन्‌तास बसायची. ती 'राजाची मैत्रीण'. "हसू नका, तो खरोखरचा हुद्दा आहे," काका म्हणाले. "शलमोनाच्या यादीत सरळ लिहिलंय, अमका राजाचा मित्र. सेनापतीच्या पंक्तीला."

"मग राजा कोण, काका?" निखिलने विचारलं. "चीफ एक्झिक्युटिव्ह?"

"राजा तो, बेड चारवर. सकाळपासून त्याला कोणी टॉयलेटला नेलेलं नाही. जा, बघा."

स्वतःचा हुद्दा त्यांनी फार आधी ठरवला होता. मजकीर. दरबारात हा एक माणूस असे आणि त्याच्या नावाचा सरळ अर्थ 'आठवण करून देणारा'. छापील मराठीत त्याला 'अखबारनवीस' केलेला आहे, ह्याचा काकांना मनस्वी राग. "अखबारनवीस म्हणजे पेपरवाला. हा काय सकाळी दारात पेपर टाकत होता?" वाकनीस हा शब्द त्यांनी काही वर्षं वापरून पाहिला. शिवाजी महाराजांच्या दरबारात वाकनीस राजाची रोजची टिपणं ठेवायचा. पण तो नुसता लिहितो. मजकिराला तोंड उघडावं लागतं. राजा विसरला, किंवा विसरल्याचं दाखवू लागला, की सगळ्यांसमोर म्हणायचं, महाराज, आपण असं बोलला होतात. शेवटी त्यांनी स्वतःच एक शब्द पाडला. "चिठ्ठ्या लिहितो तो चिटणीस. फड लिहितो तो फडणीस. तर आठवण ठेवतो तो कोण?" उत्तरही त्यांचंच होतं. "आठवणीस," ते म्हणाले आणि इतके खूश झाले की फोन वाजत होता तो उचलायचं विसरले. मी म्हटलं, पण काका, 'कोणाच्या तरी आठवणीस' असाही त्याचा अर्थ होतो, पुस्तकाच्या पहिल्या पानावर असतो तसा. "होऊ दे की," ते म्हणाले. "माणूस मेल्यावरही शब्द कामावर राहील."

वॉर्डात ते आम्हाला 'अहो डॉक्टर' म्हणत. मी त्यांच्या मुलीच्या वयाची, तरीही तुम्ही आणि आपण. हॉस्पिटलच्या फाटकाबाहेर पाऊल पडलं की मात्र त्याचं 'अगं पोरी' व्हायचं. एका रविवारी त्यांनी निखिलला आणि मला लंडनला नेलं, तिथल्या मोठ्या म्युझियममध्ये. ममी बघायला लोक रांगा लावून उभे होते. काका त्यांच्याकडे ढुंकूनही न बघता तरातरा वरच्या मजल्यावर गेले आणि एका भिंतीजवळ थांबले. तिथे एक ओबडधोबड दगड होता, त्यावर तीन ओळी कोरलेल्या. यरुशलेमजवळच्या एका थडग्याच्या दारावरचा तो दगड. आत पुरलेला माणूस राजाचा 'घरावरचा' होता. त्याने लिहवून ठेवलं होतं की बाबांनो, इथे सोनंनाणं काही नाही, माझी हाडं आहेत आणि माझ्या दासीची, उघडू नका. दगड नेमका नावाच्या जागी फुटलेला आहे. नावाची शेवटची अक्षरं तेवढी उरली आहेत.

"नाव गेलं. हुद्दा बघ, पोरी, कसा लख्ख आहे," काका म्हणाले. मग ते त्या ओळी हिब्रूत मोठ्यांदा वाचायला लागले. उजवीकडून डावीकडे बोट फिरवत, काचेपासून इंचभर अंतर ठेवून. एक गार्ड येऊन उभा राहिला. आम्हाला वाटलं आता हाकलतो. काकांनी त्याच्याकडे वळून शांतपणे विचारलं, "आर यू ओव्हर धिस हाउस?" तो गोंधळला. म्हणाला, नाही, मी फक्त ह्या तीन खोल्या बघतो. "व्हेरी इम्पॉर्टंट," काका म्हणाले आणि त्याला हाडांचं सगळं प्रकरण समजावून दिलं. दुपारी म्युझियमच्या पायऱ्यांवर आम्ही बटाट्याची भाजी-पोळी खाल्ली, आणि तो गार्ड त्याच्या जेवणाच्या सुट्टीत आमच्याशेजारी येऊन बसला.

आणखी एक गोष्ट त्यांनी मला सांगितली ती वॉर्डात, आणि ती मला सांगण्याची वेळ माझ्याच जिभेने आणली होती. माझी जीभ पहिल्यापासून सैल. बेड सहावर एक गुजराती आजी होत्या, युगांडाहून आलेल्या. बेल वाजवून वाजवून त्यांनी जीव नकोसा केला होता. मी त्यांच्या पायाशी उभं राहून निखिलला मराठीत म्हटलं, "ही म्हातारी डोकं खाते नुसतं." आजी गोड हसल्या आणि म्हणाल्या, "डोकं नको बेटा, पाणी दे." त्यांचं सासर बडोद्याचं; युगांडाला जाण्याआधी तिथे शेजार सगळा मराठी. मला जमीन दुभंगावी असं झालं.

काकांनी तेव्हा मला वेढ्याची गोष्ट सांगितली. यरुशलेमला शत्रूचा वेढा पडला होता. शत्रूचा सरदार तटाखाली येऊन ओरडायला लागला. राजाने तीन माणसं बाहेर पाठवली: घरावरचा, चिटणीस आणि मजकीर. सरदार त्यांच्याच भाषेत, मोठ्यांदा, राजाची टर उडवत होता. तिघे म्हणाले, तू दरबारी भाषेत बोल ना, आम्हाला कळते. आमच्या भाषेत नको, तटावर लोक बसलेत. झालं, तो आणखीच चेकाळला. "तर डॉक्टर," काका म्हणाले, "आपली भाषा कोणाला कळत नाही असं समजून बोलू नये. तटावर कोणीतरी असतंच." मग म्हणाले, पण त्या तिघांचं मला कौतुक आहे ते पुढच्यासाठी. ते दुःखाने स्वतःचे कपडे फाडून राजाकडे गेले आणि शत्रू काय काय बोलला ते शब्द न गाळता सांगितलं. राजाला दिलेल्या शिव्यासुद्धा.

शब्द न गाळण्याचा हा सोस माझ्या अंगावर आला तो एका सोमवारी. कन्सल्टंटचा राउंड चालू होता. एका पेशंटच्या मुलीला कळवलं का, असं त्यांनी विचारलं. मी "येस" म्हटलं. डेस्कमागून काका म्हणाले, अगदी नम्रपणे, इंग्रजीत, "डॉक्टरांनी फोन केला होता, सर. दोनदा. तो उचलला गेला नाही." खरं होतं. मी पुन्हा करणार होते आणि राहून गेलं होतं. कन्सल्टंटनी भुवई वर केली, मेडिकल स्टुडंट्सनी खाली बघितलं, आणि माझे कान तापले.

राउंड संपल्यावर मी डेस्कशी गेले. "काका, तुम्हाला कोणी विचारलं नव्हतं," मी म्हटलं. "तुम्ही क्लार्क आहात. ह्यापुढे डॉक्टरांच्या बोलण्यात पडायचं नाही."

ते माझ्याकडे बघत राहिले आणि "बरं" म्हणाले. नुसतं बरं. गोष्ट नाही, दाखला नाही. मला जरा चुकल्यासारखं झालं, पण राग मोठा होता. मी माफी मागितली नाही.

त्याच आठवड्यातला बुधवार. बर्मिंगहॅमला मावसबहिणीच्या मुलाची मुंज होती, मी चार दिवसांची रजा घेतली होती आणि पाच वाजताची ट्रेन पकडायची होती. बेड नऊवर एक निवृत्त बसड्रायव्हर होते, कावीळ झालेले. अस्सल लेस्टरचे, प्रत्येकाला "मी डक" म्हणून हाक मारणारे. सुरुवातीला मला वाटायचं की हे लोक स्वतःलाच बदक का म्हणवून घेतात; ते 'माय डक' असतं, लाडाने म्हटलेलं, हे नंतर कळलं. त्यांचं सोमवारी अल्ट्रासाउंड झालं होतं आणि त्यात पित्ताच्या नळीत खडा दिसला नव्हता. पण नळीच्या तळाशी बसलेला खडा अल्ट्रासाउंडला पुष्कळदा दिसतच नाही, म्हणून शुक्रवारी एमआरआय ठरलं होतं. डेस्कपाशी उभी राहून, एका हातात कोट धरून, मी निखिलला वॉर्ड सोपवला. मराठीत, कारण दोघंच होतो आणि घाई होती.

"बेड नऊ," मी म्हटलं. "परवाचं स्कॅन बघ, क्लिअर असेल तर घरी पाठव."

"परवाचं. ओके."

हँडओव्हरच्या कागदावर मी लिहिलं, 'स्कॅन, देन होम'. आणि पळाले.

मराठीत परवा मागेही असतो आणि पुढेही. घरात बोलताना कधी अडत नाही, क्रियापदावरून कळतं. माझ्या वाक्यात ते कळायला जागा नव्हती. मी शुक्रवार म्हणत होते. निखिलने सोमवार ऐकला. त्याने तिथल्या तिथे स्क्रीनवर सोमवारचं अल्ट्रासाउंड उघडलं, ते क्लिअर होतं, आणि संध्याकाळी ड्रायव्हरसाहेब सगळ्यांना "टा-रा, मी डक" करून घरी गेले. डिस्चार्ज झाला म्हणून शुक्रवारचं एमआरआय रद्द झालं. रविवारी अँब्युलन्समधून ते परत आले तेव्हा ताप, हुडहुडी, रक्तदाब पार खाली. खडा होताच. नऊ दिवस ते आयसीयूत होते. वाचले. हे आधीच सांगून टाकते, कारण त्या नऊ दिवसांत ते मला कोणी सांगू शकत नव्हतं.

चौकशी बसली. माझं ट्रेनिंगचं वर्ष पास व्हायचं होतं. निखिलचं कॉन्ट्रॅक्ट संपत आलं होतं आणि व्हिसा त्याच्यावर लटकलेला. बायको सातव्या महिन्यात. आम्ही दोघं एकाच डब्यातलं खाणारी माणसं, पण त्या पंधरवड्यात कॅन्टीनमध्ये वेगळ्या टेबलांवर बसायला लागलो. तो शपथेवर सांगत होता की मी 'झालेलं स्कॅन' म्हणाले. मी शपथेवर सांगत होते की मी 'शुक्रवारचं' म्हणाले. गंमत म्हणजे दोघंही खोटं बोलत नव्हतो. माणूस आपल्याला हवं ते आठवतो आणि मग त्याची खात्रीच पटते.

ते बोलणं ऐकलेला आणि समजलेला तिसरा माणूस एकच होता. मी काकांकडे गेले. "काका, मी शुक्रवार म्हणाले होते ना?"

"मला विचारतील तेव्हा सांगीन, डॉक्टर."

"मला आत्ता सांगा ना. प्लीज."

"निखिलही येऊन गेला सकाळी," ते म्हणाले. "त्यालाही हेच सांगितलं."

चौकशीच्या खोलीत टेबलापलीकडे तिघं होते. अध्यक्ष एक बाई होत्या, कडक पण सरळ. आम्ही दोघं एका बाजूला, मध्ये एक खुर्ची मोकळी सोडून. काका टाय लावून आले होते. त्यांनी आमचं बोलणं आधी मराठीत जसंच्या तसं म्हणून दाखवलं, माझ्या आवाजातली घाईसुद्धा. मग इंग्रजीत अर्थ सांगितला. मग 'परवा' हा शब्द सुटा करून समजावला, की आमच्या भाषेत कालच्या पलीकडचा दिवस आणि उद्याच्या पलीकडचा दिवस ह्यांना एकच नाव आहे. "डॉक्टर शुक्रवार म्हणाल्या नाहीत," ते म्हणाले. "ते डॉक्टर सोमवार म्हणाले नाहीत. ह्यांनी सांगितलं नाही, त्यांनी विचारलं नाही. एक शब्द ह्यांनी दिला आणि तोच त्यांनी परत केला."

माझा जीव भांड्यात पडला नाही आणि निखिलचाही नाही. पण खोटं कोणीच ठरलं नव्हतं. बाईंनी पेन खाली ठेवलं. त्यांना वाटलं, संपलं.

"तुम्ही एक विचारलं नाहीत," काका म्हणाले. "शुक्रवारच्या एमआरआयचा फॉर्म मीच पाठवला होता. मला तारीख माहीत होती. हे डॉक्टर सोमवारचं स्कॅन उघडत होते ते मला माझ्या खुर्चीवरून दिसलं. दोन परव्यांचा घोटाळा होतोय अशी शंका मला त्याच वेळी आली. आठवण करून देणं हे माझं काम आहे. मी दिली नाही."

निखिल त्यांच्याकडे बघतच राहिला. एवढा वेळ आमच्यापैकी कोणी स्वतःविरुद्ध एक अक्षर बोललं नव्हतं. आणि ज्याच्याकडे कोणी बोटही दाखवलं नव्हतं, तो माणूस टाय लावून येऊन स्वतःचं नाव त्यात घालत होता.

"का नाही दिलीत?" बाईंनी विचारलं.

काका गप्प राहिले. बराच वेळ. मी टेबलाच्या कडेकडे बघत होते. कारण मला माहीत होतं. त्या बुधवारच्या दोनच दिवस आधी मी त्यांना सांगितलं होतं की तुम्ही क्लार्क आहात, डॉक्टरांच्या बोलण्यात पडायचं नाही.

"द्यायला हवी होती," काका शेवटी म्हणाले. "त्यापलीकडे मला काही सांगायचं नाही."

पुढे काय झालं ते थोडक्यात सांगते. निखिलला आणि मला ताकीद मिळाली, दोघंही टिकलो. माझं वर्ष सहा महिन्यांनी लांबलं. ते का, ते आता येईलच. वॉर्डात हँडओव्हर फक्त इंग्रजीत, असा कागद लागला आणि तो योग्यच होता. काकांना आउटपेशंट्सच्या डेस्कवर हलवलं, आणि तिथे निवृत्त होईपर्यंत ते पाच वर्षं होते. ड्रायव्हरसाहेब तपासणीला आले की त्यांच्याशी गप्पा मारत थांबायचे. निखिलच्या मुलीचं बारसं झालं तेव्हा पहिला पाळणा काकांनी हलवला. पण हे सगळं नंतरचं. मला सांगायचंय ते चौकशीच्या दुसऱ्या दिवशीचं.

सकाळी साडेआठला मी वॉर्डात आले, तर काका डेस्कमागे कागद लावत होते, रोजच्यासारखे. मी सरळ विचारलं, "काल तुम्ही का नाही सांगितलंत? मी तुम्हाला बोलले होते ते? तुम्ही तर एक शब्द गाळत नाही."

"गाळला नाही," ते म्हणाले. "मी गप्प बसलो, ते माझं. माझं मी सांगितलं. गप्प बसा असं तुम्ही म्हणालात, ते तुमचं."

"पण त्यांनी कारण विचारलं होतं."

"हो. म्हणून तर थांबलो होतो मी तेवढा वेळ. तुम्ही समोरच होतात."

मला एकदम रडू आलं. वॉर्डाच्या तोंडाशी उभी राहून, औषधांची ट्रॉली शेजारून जात असताना, मी रडले. काकांनी टिश्यूचा खोका पुढे सरकवला आणि फोन वाजला तो घेतला. कोणाचा तरी मुलगा भेटायची वेळ विचारत होता. त्याला त्यांनी नीट वेळ सांगितली, पार्किंग कुठे मिळेल तेही सांगितलं.

फोन ठेवल्यावर मी खिशातून पत्र काढलं. ते मी घरूनच लिहून आणलं होतं, चौकशीच्या बाईंच्या नावाने. सोमवारी राउंडनंतर मी ह्या गृहस्थांना काय म्हणाले ते त्यात माझ्या शब्दांत होतं, 'तुम्ही क्लार्क आहात' ह्या वाक्यासकट. काकांनी चष्मा लावला आणि दोनदा वाचलं.

"काल मीटिंग किती वाजता संपली?" त्यांनी विचारलं.

"दोनला."

"आणि हे आज सकाळी देताय. मध्ये काय करत होतात?"

"घाबरत होते, काका. वर्ष जाईल म्हणून."

त्यांनी पत्र माझ्यापुढे डेस्कवर ठेवलं, सहीखालची मोकळी जागा बोटाने दाखवली आणि खिशातलं पेन काढून दिलं. मी उभ्याउभ्याच वाकून लिहिलं, की काल दुपारी मी त्या खोलीत होते, मला कारण माहीत होतं, आणि मी भीतीने बोलले नाही. काकांनी ती ओळ वाचली, पेन परत खिशाला लावलं आणि म्हणाले, "हं. आता द्या."